कमरेची कोयती

हे मी आजवर कुणापाशी बोललेलो नाही. पत्नीपाशी नाही, वकिलांपाशी नाही, देवापाशीही नाही — देवाशी माझे तसे बोलणे कधी नव्हतेच. तुमच्यापाशी बोलतो आहे ते तुम्ही मला ओळखत नाही म्हणून. मला ओळखणाऱ्या प्रत्येकाकडे माझी एक हकीकत तयार आहे, आणि माझे वय असे झाले आहे की मी गेल्यावर त्यांतलीच कुठली तरी खरी म्हणून चालू राहील. ते मला मान्य नाही. खोटी निंदा मान्य नाही, तशी खोटी स्तुतीही नाही. जे किळसवाणे आहे ते निदान माझ्या शब्दांत असावे.

पहिली हकीकत माझ्या पुतण्याची. माझ्या पंचाहत्तरीला देवळाच्या सभामंडपात त्याने ती ध्वनिक्षेपकावरून सांगितली. काका कसे गुंडांसमोर एकटे उभे राहिले, कोयता उगारलेल्या माणसासमोर कसे डगमगले नाहीत, न्यायालयाने त्यांच्या जिवासाठी पोलिसांना कसा हुकूम दिला. टाळ्या झाल्या. माझ्या खांद्यावर शाल घातली गेली. मी ती घेतली. मान खाली घालून, विनयाने घेतली — आणि मंडपात मागे बसलेल्यांपैकी निम्म्यांना ठाऊक होते की कोयता कुणी उगारला नव्हता. तेही टाळ्या वाजवीत होते. सांगा, किळस कुणाची करावी?

दुसरी हकीकत खालच्या वाडीची. मी फौजदाराला लाच चारली आणि शिपाई दारात आणून बसवला. हे साफ खोटे आहे, आणि मी ते आजही कुणाच्याही तोंडावर सांगेन. मी जन्मात कुणाला लाच दिलेली नाही. लाचेची गरजच नव्हती. ज्यांना असे वाटते की अन्याय करायला लाच द्यावी लागते, त्यांना अन्याय किती स्वस्त असतो हे माहीत नाही.

तिसरी माझ्या पत्नीची. ती बिचारी मरेपर्यंत आल्यागेल्याला सांगत असे, "हे घाबरले होते हो. वय झालं, रात्री झोप नसायची ह्यांना." तिन्हींत ही सर्वांत प्रेमळ हकीकत, आणि सर्वांत खोटी. मी घाबरलो नव्हतो. एक क्षणभरही नाही. भीती असती तर मला हे लिहावे लागले नसते.

आता जे घडले ते.

रत्नागिरीजवळ, आरे-वारेच्या अलीकडे आमचे गाव. डोंगराच्या उतारावर माझी कलमांची बाग, बागेच्या माथ्यावर रस्ता, आणि पायथ्याला, समुद्राची पुळण सुरू होते तिथे, हसन तांडेलांचे घर. तांडेल म्हणजे गलबतावरचा मुख्य. हसनमियांनी ऐन वयात मलबारपर्यंत गलबते नेली होती आणि माझ्याहून ते पाचसहा वर्षांनी मोठे होते. त्यांच्या घराकडून रस्त्याकडे येणारी पायवाट माझ्या बागेतून जात असे. त्यांचे कब्रस्तान रस्त्यापलीकडे. म्हणून त्या घरातले जिवंत आणि मेलेले, दोघेही माझ्या कलमांखालूनच वर येत. समुद्राच्या कडेने दुसरी वाट आहे, पण ती ओहोटीची. भरतीला ती पाण्याखाली जाते.

मुख्याध्यापक म्हणून निवृत्त झाल्यावर मी बाग स्वतः पाहू लागलो आणि माझ्या मनात आले की ही वाट बंद करावी. आंबे चोरीला जात होते का? नाही. त्यांची गुरे माझी रोपे खात होती का? त्यांच्याकडे गुरे नव्हती. बाग माझी होती, एवढेच. जन्मभर वर्गात मी "गप्प बसा" म्हटले की चाळीस मुले गप्प बसत. निवृत्तीनंतर कुणी गप्प बसेना. मी जांभ्या दगडाचा गडगा घालायला घेतला. गडगा म्हणजे नुसती एकावर एक रचलेली दगडांची भिंत. हसनमियांनी रत्नागिरीच्या दिवाणी न्यायालयात दावा लावला — वाट वहिवाटीची आहे, गडग्याला मनाई करा. हे साल अठ्ठ्याण्णव. आंब्याचा हंगाम ऐन भरात होता.

मी न्यायालयाला लिहून दिले की अशी वाट कधी नव्हतीच. सुनावणीत त्यांच्या वकिलांनी मोठ्या आदराने विचारले, मास्तरांच्या घरचा गणपती विसर्जनाला समुद्रावर कुठून जातो? मी काही बोलायच्या आत मागच्या बाकावर कुणीतरी हसले. मग कारकून हसला. मग न्यायाधीशांनीही ओठ मिटून घेतले, आणि ते मी पाहिले. माझा गणपती दर वर्षी त्याच वाटेने जात असे. रात्री उतारावर बत्ती धरायला हसनमियांचा मुलगा पुढे चालत असे. मनाई अर्जावरचा निकाल राखून ठेवला गेला, आणि मी हरणार हे मला कळले. गावाने ते हसू माझ्याआधी घरी पोहोचवले होते.

त्यानंतर चारआठ दिवसांनी रऊफ आला.

रऊफ हा तो मुलगा. माझ्या नोकरीच्या शेवटच्या वर्षी माझ्या वर्गात होता. सकाळी सर्वांत आधी येई म्हणून शाळेच्या किल्ल्या मी त्याच्याकडे देत असे. आता तेविशीचा झाला होता, मस्कतला मामाच्या ओळखीने नोकरी ठरली होती, पासपोर्टचा अर्ज गेला होता. तो बेड्यापाशी — म्हणजे आमच्या बांबूच्या फाटकापाशी — उभा राहिला. फाटकावर फणसाची एक वाळलेली फांदी लोंबत होती आणि महिनाभर माझे डोके तिला लागत होते. त्याने कमरेची कोयती काढली, एका घावात ती फांदी उतरवली, ओढून कडेला टाकली, कोयती परत आकडीत अडकवली. मग आत आला.

इथे मला थांबून एक गोष्ट सांगितली पाहिजे. आमच्याकडे पुरुष घराबाहेर पडताना कमरेला मागच्या बाजूस आकडी बांधतो आणि तिच्यात कोयती अडकवतो. बागायतदार असो, गडी असो, हिंदू असो, मुसलमान असो. झुडूप तोडायला, झावळी सोलायला, शहाळे फोडायला. ती आहे हे ज्याचे त्यालाही आठवत नाही. त्या सकाळी रऊफच्या कमरेला ती होती — आणि पडवीत उभ्या असलेल्या माझ्याही कमरेला होती.

तो म्हणाला, "सर, अब्बांनी सांगितलंय, गडगा घाला तुम्ही. फक्त मयत खांद्यावरून नेता येईल एवढी जागा सोडा. दावा आम्ही काढून घेतो. मी जायच्या आधी मिटू दे."

एवढेच तो बोलला. मला काय झाले? मला राग आला. जिंकत आलेला माणूस मला जागा देऊ करत होता. माझ्याच बागेत, माझ्याच विद्यार्थ्याच्या तोंडून, मला उदारपणा दाखवला जात होता. तो मोठेपणा मला सोसला नाही. मी म्हटले, वकिलांशी बोला. तो वाकून पाया पडला — किल्ल्या नेताना पडत असे तसाच — आणि गेला.

दुसऱ्या दिवशी मी रत्नागिरीला वकिलांकडे गेलो. रऊफ आला होता, असे सांगितले. कशाला आला होता, ते सांगितले नाही. वकीलही इथलेच. रविवारी तेही आकडी बांधून स्वतःच्या बागेत जात. त्यांनी चष्म्यावरून माझ्याकडे पाहिले.

"कोयती होती?"

"होती."

"काढली होती का?"

मी म्हटले, काढली होती. पाहा — हे खरे आहे. त्याने ती काढली होती. ह्या एका वाक्याच्या खरेपणावर मी पुढे किती वर्षे मान ताठ ठेवली असेल! वकिलांनी कशासाठी काढली ते विचारले नाही. जाणत्या माणसाने न विचारलेल्या प्रश्नासारखे ओंगळ जगात फार थोडे असेल. त्यांनी फक्त विचारले, "आणि बोलला काय?"

तिथे मी थांबलो.  खिडकीबाहेर कुणीतरी आंब्याच्या पेट्यांना खिळे ठोकत होते. मग वर्गात मुलांना शुद्धलेखन सांगावे तसे, शब्द सुटे करून, मी सांगितले: वाट अडवलीत तर जिवंत ठेवणार नाही. वकिलांनी ते लिहिताना "अडवलीत"चे "अडवलीस" केले. म्हणाले, धमकी देणारा अहोजाहो करत नसतो. माझ्या कल्पनेतसुद्धा त्या मुलाला मला एकेरी बोलता आले नव्हते. ते मी वकिलांकडून दुरुस्त करून घेतले आणि खाली सही केली.

आणखी एक. संरक्षण मागणाऱ्या त्या अर्जात मी विरुद्ध बाजूची नावे पूर्ण लिहिली. मुलाचे, बापाचे, आजाचे. बाकी त्यांच्याबद्दल एक अक्षर लिहिले नाही. मुंबईच्या दंगली आणि बाँबस्फोटांनंतरचे ते दिवस तुम्हाला आठवत असतील. तशा नावाशेजारी "धारदार शस्त्र" हे दोन शब्द ठेवले की उरलेले काम वाचणाऱ्याचे मन करत असे. मी हे जाणून होतो. कोणती गोष्ट कुणाच्या डोक्यात न शिकवता बसते, हे शिक्षकाला नाही कळणार तर कुणाला?

न्यायाधीश घाटावरचे, नुकतेच बदलून आलेले. कोयती आणि कोयता त्यांच्या लेखी एकच. त्यांना दोष देणार नाही. त्यांच्यासमोर एका निवृत्त मुख्याध्यापकाचे प्रतिज्ञापत्र होते. हसनमियांच्या वकिलांनी सांगून पाहिले की कोयती इथे सगळेच बाळगतात, मुलगा तडजोड घेऊन गेला होता. मी उभा राहून म्हणालो की चाळीस वर्षे मी ह्या जिल्ह्यातल्या मुलांना खरे बोलायला शिकवले आहे. ह्या वेळी कुणी हसले नाही. मनाई अर्ज फेटाळला गेला. कायदा हातात घेणाऱ्याला न्यायालयाचा दिलासा नाही. आणि माझ्या जीविताला धोका आहे म्हणून मला पोलीस संरक्षण द्यावे, असा हुकूम झाला.

गडगा पोलिसांच्या देखरेखीखाली पुरा झाला.

शिपाई आला तो साताऱ्याकडचा एक तरुण पोरगा. माझ्या पडवीत बाकावर बसे, माझे आंबे खाई, दुपारी टोपी तोंडावर घेऊन झोपे. दोनचार दिवसांनी सकाळी मी बागेत निघालो तर तो माझ्या कमरेकडे पाहत राहिला. तेवढ्यात आमचा गडी गेला, मागून शेजारचे अण्णा गेले, त्यांच्याही कमरेकडे त्याने पाहिले. मग म्हणाला, "गुरुजी, हितं तर समदेच हत्यारबंद हायत की."

आणि मी हसलो. तोही हसला. त्या हसण्यात आमचा करार झाला. त्याला सारे समजले होते, आणि बंदोबस्त आरामाचा होता. पुढे तो पुळणीवर हसनमियांच्या घरीही जेवायला जाऊ लागला. मला येऊन सांगे, म्हातारा भला माणूस हाय, मासं झ्याक करत्यात. ज्यांच्यापासून मला वाचवायला तो नेमलेला होता, त्यांच्या घरी भाकरी मोडून तो माझ्या पडवीत ढेकर द्यायचा. मला त्याची शिसारी येई. पण त्या पोराने स्वतःहून काय केले होते? खोटे शिजवले मी, तो नुसता पंगतीला बसला होता.

मग ते झाले जे मला आधीच कळायला हवे होते — की कळले होते? मला खरोखरच सांगता येत नाही. पासपोर्टची चौकशी पोलीस ठाण्याकडे येते. ज्याच्यापासून एका नागरिकाच्या जिवाला धोका आहे असे न्यायालयाचे कागद सांगतात, त्याची वर्तणूक चांगली आहे असे कोणता फौजदार लिहील? रऊफचा पासपोर्ट अडकला. मस्कतचे लोक ठरावीक मुदतीपर्यंत थांबणार होते. ही बातमी मला शिपायानेच दिली, आंब्याची कोय चोखता चोखता.

दुसऱ्या दिवशी हसनमियां आले.

बेड्याबाहेरच थांबले. शिपाई, ज्याने आदल्या रात्री त्यांचे अन्न खाल्ले होते, गडबडून उठला आणि टोपी शोधू लागला. हसनमियां त्याच्याकडे पाहतही नव्हते. त्यांनी मला हाक मारली, आणि मी पडवीच्या पायरीवर आलो तसे ते जागच्या जागी, सावकाश, वळले. पाठ माझ्याकडे केली. लुंगीवर नुसता दोरा होता. आकडी नव्हती.

"मास्तर, घरी ठेवून आलो. बघा."

पुन्हा माझ्याकडे तोंड केले. ते त्या वेळी सत्तरीच्या पुढचे. मला आठवते तेव्हापासून मी त्यांना त्या आकडीशिवाय पाहिले नव्हते. आकडी नसल्यामुळे त्यांना हात कुठे ठेवावेत ते कळत नव्हते. म्हणाले, "वाट ठेवा तुमची. दावा आजच काढतो. मयतासाठीची खिंडही नको. फक्त पोलिसांना दोन शब्द सांगा, पोरापासून धोका नाही म्हणून. शाळेच्या किल्ल्या तुम्ही त्याच्याकडे द्यायचात, मास्तर."

तिथे सर्व होते. मला जे हवे होते ते सर्व. वाट, दावा, जय. दोन शब्दांची गोष्ट होती. पण ते दोन शब्द म्हणजे, माझे आधीचे शब्द खोटे होते. आणि ते मला एका तांडेलासमोर, एका शिपायासमोर म्हणायचे होते.

मी म्हणालो, "विषय न्यायप्रविष्ट आहे. मला त्यावर बोलता येणार नाही."

 हसनमियांनी शिव्या दिल्या नाहीत. तळतळाट केला नाही. मान हलवली, जसे एखाद्याला भरतीची वेळ विचारावी आणि त्याने ती सांगावी, आणि पुळणीकडे उतरून गेले. नव्या गडग्याला वळसा घालून, काट्यांतून. शिपाई खाली बसला. त्या दिवसापासून त्याने माझा आंबा खाल्ला नाही. दुसरा शिपाई मागून घेतला मी.

मुदत गेली. रऊफ मिरकरवाड्याला दुसऱ्याच्या ट्रॉलरवर खलाशी म्हणून जाऊ लागला. दावा चालवायला त्यांच्याकडे मन उरले नव्हते. कुणी हजर राहिले नाही म्हणून तो निकाली निघाला. मी जिंकलो. माझा गणपती आता समुद्रावर जात नाही, घरच्या विहिरीत जातो. कारण गडगा आम्हालाही आड येतो.

काही वर्षांनी हसनमियां वारले. मयत न्यायला ते ओहोटीसाठी थांबले. भरती होती, समुद्राची वाट पाण्याखाली होती, आणि त्या घरातल्या कुणी माझ्याकडे विचारायलाही आले नाही. दुपार कलल्यावर पाणी हटले, तेव्हा ते निघाले. ओल्या वाळूवरून, पायाखाली खडक चाचपत. पुढचा खांदा रऊफचा होता. मी बागेच्या कडेला उभा होतो. गावात म्हणतात, मास्तर हात जोडून उभे होते, वैर विसरून. खोटे आहे. मी हात जोडले नव्हते. कुणी गडग्याचा दगड काढतो का, ते पाहायला मी उभा होतो. कुणी काढला नाही.

नंतर अण्णा मला म्हणाले, एका परीने बरेच झाले म्हणायचे, पोरगा मस्कतला असता तर बापाला खांदा कुणी दिला असता? त्यांनी ते माझ्या समाधानासाठी म्हटले. आणि मी मान डोलावली. म्हणून सांगतो, ही चौथी हकीकतही मी नाकारतो. माझ्या पापातून कुणाचे काही बरे झालेले नाही.

रऊफ कधी कधी रस्त्यावर भेटतो. केस पांढरे होऊ लागले आहेत. तो मला पाहून थांबतो, "सर" म्हणतो, आणि पुढे जातो. मी काही म्हणत नाही. म्हणता आले असते. दर वेळी म्हणता आले असते.

गडगा आहे. मागच्या पावसात त्याचा एक कोपरा ढासळला होता, तो मी रचून घेतला. आजही सकाळी बागेत जाताना मी कमरेला आकडी बांधतो, कोयती अडकवतो, बेडे उघडून रस्त्यावर येतो. माणसे भेटतात, पोलीसही भेटतात. मला अजून कुणी हत्यारबंद म्हटलेले नाही.